निकालाआधीच संपलेले वाद

नाशिकहून आग्रा रोडने वीसेक किलोमीटर गेले म्हणजे बाणगंगेच्या काठचे ओझर लागते. जुन्नर तालुक्यातील विघ्नेश्वराचे ओझर ते हे नव्हे. निफाड तालुक्यातील हे ओझर विमानांच्या कारखान्यामुळे प्रसिद्धीस आले, आणि लोक त्यास ‘ओझर मिग’ याच नावाने ओळखतात. १९६२ च्या चिनी आक्रमणात यशवंतराव चव्हाण यांस संरक्षणमंत्री म्हणून दिल्लीस पाचारण झाले, पुढील वर्षी ते नाशिक मतदारसंघातून लोकसभेवर बिनविरोध निवडून गेले, आणि १९६४ साली रशियन बनावटीची मिग विमाने बांधण्याचा कारखाना ओझरच्या माळावर आला. वालचंद हिराचंद यांनी १९४० साली बंगळुरास स्थापिलेली विमानकंपनी व मिग विमानांसाठी सरकारने काढलेली नवी कंपनी या दोहोंचे १ ऑक्टोबर १९६४ रोजी एकीकरण होऊन हिंदुस्थान एरॉनॉटिक्स ही सरकारी कंपनी अस्तित्वात आली. ओझरचा कारखाना तिचाच एक विभाग होय.

त्या कारखान्यात जन्मास आलेले मिग-२१ हे विमान २६ सप्टेंबर २०२५ रोजी चंदीगड येथे समारंभपूर्वक निवृत्त झाले, आणि पुढच्याच महिन्यात, १७ ऑक्टोबर रोजी, ओझरला तेजस विमानांच्या नव्या मालिकेचे उद्घाटन झाले. यंत्र गेले, त्याच्या जागी दुसरे आले. कारखाना चालू राहिला. यंत्र बांधणाऱ्या माणसाची निवृत्ती मात्र समारंभाची वाट पाहत नाही. ती त्याच्या जन्मतारखेबरोबरच ठरून गेलेली असते. अशा एखाद्या नोकराचा नोकरीविषयीचा तंटा न्यायालयात पडला असेल, तर त्याच्या आयुष्यात दोन घड्याळे चालू होतात. एक घड्याळ निवृत्तीचे, त्याचा ठोका निश्चित. दुसरे न्यायालयाचे, त्याचा ठोका केव्हा पडेल ते कोणीच सांगू शकत नाही. पहिले घड्याळ आधी वाजले म्हणजे पुष्कळदा दुसऱ्याची किल्लीच संपते. न्यायाधीश अर्ज उघडतात, उभय पक्षांचे वकील उभे राहतात, आणि दहा-बारा ओळींचा हुकूम होतो, की काळाच्या ओघात हा अर्ज निष्फळ झाला आहे, सबब तो निकालात काढण्यात येत आहे.

या हुकुमाचा अर्थ नीट समजून घेणे अगत्याचे आहे, कारण घरोघर त्याचा अर्थ ‘केस हरली’ असा केला जातो. वास्तविक ‘नामंजूर’ आणि ‘निष्फळ’ या दोहोंत महदंतर आहे. नामंजूर झालेल्या अर्जात न्यायालयाने दोन्ही बाजू तोलून अर्जदाराची बाजू हलकी ठरविलेली असते. निष्फळ ठरलेल्या अर्जात तराजू हाती धरलेलाच नसतो. अर्जदार खरा की खोटा, वरिष्ठांनी अन्याय केला की नाही, याविषयी न्यायालय एक अक्षरही बोललेले नसते. ते एवढेच सांगते, की आता मागितलेले देता येण्याजोगे राहिलेले नाही.

नोकरीचा अर्ज निष्फळ होण्याच्या वाटाही अनेक आहेत. कधी अर्ज पडून असतानाच वरिष्ठ आपला हुकूम परत घेतात व मागणे आपोआप पुरे होते. हा मार्ग अर्जदाराच्या सुखाचा. कधी ज्या भरतीस हरकत घेतली ती भरती पुरी होऊन नेमलेली माणसे वर्षानुवर्षे काम करू लागलेली असतात. कधी जागाच रद्द होते. कधी ज्या नियमाविरुद्ध तक्रार केली तो नियमच बदलतो. कधी अर्जदार निवृत्त होतो, कधी वारतो. आणि कधी, सर्वांत विलक्षण प्रकार हा, अर्जदारही जागेवर असतो, तक्रारही जिवंत असते, परंतु ज्याच्याविरुद्ध दाद मागितली तो मालकच पालटतो.

न्यायालये असे का करतात? न्यायालय ही शास्त्रार्थाची सभा नव्हे. जिवंत तंट्याचा निवाडा करणे हे तिचे काम. ज्या प्रश्नाच्या उत्तराने कोणाच्याही पदरात काही पडायचे नाही, त्यावर निबंध लिहीत बसल्यास जिवंत तंटे दाराशी ताटकळतात. १९४० साली फेडरल कोर्टाने सांगितले, की खालच्या कोर्टाच्या निकालानंतर कायदा बदलला असेल तर अपिलाच्या न्यायालयास त्याकडे डोळेझाक करता येत नाही. १९७५ साली सर्वोच्च न्यायालयाने हाच विचार पुढे नेऊन, दाव्यानंतर घडलेल्या गोष्टींची दखल घेऊन निकाल द्यावा, असे ठरविले. २००४ साली, मुंबईत मुख्य कचेरी असलेल्या शिपिंग कॉर्पोरेशनच्या एका खटल्यात त्याच न्यायालयाने म्हटले, की दाव्याचे कारणच नाहीसे झाले असेल तर तो दावा नुसता ताटकळत ठेवणे सार्वजनिक हिताचे नाही. न्यायालयाने आपल्या अंगभूत अधिकाराने तो काढून टाकावा. हे सर्व युक्तच आहे. परंतु युक्त नियमसुद्धा दुर्बळाच्या वाट्यास कसा येतो, हे पाहण्यास नोकरीच्या कायद्याचा थोडा मागोवा घेतला पाहिजे.

इंग्रजी कायद्याचे जुने तत्त्व असे, की कोणाची चाकरी कोणावर लादता येत नाही. मालकाने गैररीतीने काढले तर चाकराने फार तर नुकसानभरपाई मागावी. चाकरी परत मागू नये. सरकारी नोकराची स्थिती याहून बिकट. तो सरकारच्या मर्जीपर्यंत नोकर. मद्रासच्या सरकारी छापखान्यातील एका नोकराचा खटला १९३६ च्या अखेरीस प्रिव्ही कौन्सिलपुढे आला. त्याला काढताना नियमाप्रमाणे चौकशी झालेली नव्हती, हे कौन्सिलास दिसत होते. तरीही असे नियम मोडल्याने नोकरास दावा करण्याचा हक्क मिळत नाही, त्याने वरिष्ठांकडेच अर्जविनंत्या कराव्यात, असा निर्णय झाला. अशा स्थितीत दावा काळाने निष्फळ होण्याचा प्रश्नच नव्हता. तो मांडतानाच निष्फळ असे.

१९३५ च्या कायद्याने यात थोडा फरक पडला. बडतर्फ करण्यापूर्वी नोकरास कारण दाखविण्याची वाजवी संधी दिली पाहिजे, असे कलम त्यात आले. या कलमाची खरी कसोटी आय. सी. एस. मधील अधिकारी आय. एम. लाल यांच्या खटल्यात लागली. लाल यांना १९४० साली बडतर्फ करण्यात आले. २० जुलै १९४२ रोजी त्यांनी दावा लावला. तो लाहोरच्या हायकोर्टातून फेडरल कोर्टात व तेथून लंडनला प्रिव्ही कौन्सिलपुढे गेला, आणि मार्च १९४८ मध्ये निकाल लागला. बडतर्फीचा हुकूम रद्दबातल आहे, आणि दावा लावला त्या दिवशी लाल हे आय. सी. एस. चे सभासद होते, असे कौन्सिलाने जाहीर केले. आठ वर्षांनी विजय मिळाला खरा, पण त्याचे मोल काय? ज्या सेवेचे सभासद म्हणून त्यांना घोषित केले, ती भारतमंत्र्याच्या हाताखालील सेवा १५ ऑगस्ट १९४७ रोजीच संपुष्टात आली होती. आणि मधल्या काळाचा थकलेला पगार? सरकारी नोकरास पगारासाठी सरकारवर दावा लावता येत नाही, या जुन्या तत्त्वावर बोट ठेवून कौन्सिलाने ती मागणी अमान्य केली. हुकूम हाती आला, पण ओंजळ रिकामी.

या खटल्यातील आणखी एक गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे. पुढे तिचे काम पडणार आहे. दावा लागला तेव्हा प्रतिवादी होता भारतमंत्री. निकालाच्या वेळी ते पदच उरले नव्हते. तथापि दावा त्यामुळे बुडाला नाही. स्वातंत्र्याच्या कायद्यातच अशा चालू दाव्यांची तरतूद केलेली होती, आणि भारतमंत्र्याच्या जागी भारताचा व पाकिस्तानचा हायकमिशनर येऊन उभा राहिला. एक साम्राज्य उठून गेले, दोन राष्ट्रे निर्माण झाली, परंतु एका नोकराचा पडून असलेला दावा वाऱ्यावर सोडला गेला नाही.

कारखान्यातील कामगारांच्या बाबतीत नवा मार्ग मुंबईतच मोकळा झाला. १ एप्रिल १९४७ पासून औद्योगिक कलहाचा कायदा अमलात आला होता. मुंबईच्या औद्योगिक न्यायमंडळापुढील एका वादात वेस्टर्न इंडिया ऑटोमोबाइल असोसिएशनने हरकत घेतली, की काढून टाकलेल्या माणसास परत घ्या असे सांगण्याचा अधिकार न्यायमंडळास नाही, कारण सामान्य कायदा चाकरी लादत नाही. १९४९ साली फेडरल कोर्टाने ही हरकत फेटाळली. औद्योगिक न्यायमंडळ केवळ जुना करार वाचीत नाही, उद्योगात शांतता नांदावी म्हणून ते नवे हक्कही निर्माण करू शकते, आणि कामावर परत घेण्याचा प्रश्न औद्योगिक कलहात मोडतो, असे त्याने ठरविले. गेलेली नोकरी परत मिळू शकते ही गोष्ट आज स्वाभाविक वाटते. तिचा उगम फार जुना नाही.

आता नोकरी परत मिळू लागली, परंतु निकालास लागणारी वर्षे कोणाच्या खात्यावर मांडावयाची हा प्रश्न राहिलाच. पुढील साठ वर्षांतील न्यायनिर्णयांचा इतिहास हा बहुतांशी या एका प्रश्नाचा इतिहास आहे. १९५४ साली, बिहारमधील एका पोलीस फौजदाराच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने लाल खटल्यातील पगाराविषयीचा निर्णय बाजूस सारला आणि थकलेल्या पगारासाठी सरकारवर दावा लावता येतो असे ठरविले. १९७८ साली हिंदुस्तान टिन वर्क्सच्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितले, की नोकरी गैररीतीने गेली असेल तर मागील पूर्ण पगार देणे हा नियम व कमी देणे हा अपवाद. त्या खटल्यात कामगारांच्या पदरात शेकडा ७५ टक्के पडले. मालक अपिलामागून अपील करीत कामगारास उपाशी ठेवतात हे दिसून आल्यावर १९८४ साली औद्योगिक कलहाच्या कायद्यात नवे कलम घालण्यात आले, आणि परत घेण्याच्या हुकुमाविरुद्ध मालक वरच्या न्यायालयात गेला तर तेथील निकाल लागेपर्यंत त्याने कामगारास शेवटच्या पगाराइतकी रक्कम दिली पाहिजे असे ठरले. (तो १९४७ चा कायदा आता राहिलेला नाही, २१ नोव्हेंबर २०२५ पासून त्याची जागा औद्योगिक संबंधांच्या नव्या संहितेने घेतली.) १९९१ साली बढतीच्या संबंधात सर्वोच्च न्यायालय म्हणाले, की नोकर काम करण्यास राजी असता वरिष्ठांनीच त्यास दूर ठेवले, तर ‘काम नाही तर दाम नाही’ हे वचन त्याच्या तोंडावर फेकता येणार नाही. आणि २०१३ साली मराठवाड्यातील एका शाळेच्या शिक्षिकेच्या खटल्यात, शाळा न्यायाधिकरणाने देवविलेला पण उच्च न्यायालयाने काढून घेतलेला मागील पगार सर्वोच्च न्यायालयाने तिला पुन्हा मिळवून दिला.

या सर्व निर्णयांचे तात्पर्य असे, की नोकरीचा वाद दिसतो तितका लवकर मरत नाही. निवृत्त झालेल्या माणसास खुर्चीवर पुन्हा बसविता येत नाही हे खरे. पण ती खुर्ची त्याला दहा वर्षांपूर्वी मिळावयास हवी होती असे ठरले, तर मानीव दिनांक धरून त्याची वेतननिश्चिती होऊ शकते, निवृत्तिवेतनाचा आकडा बदलू शकतो, उपदानाची रक्कम वाढू शकते, आणि तो हयात नसेल तर कुटुंबनिवृत्तिवेतनातून त्याच्या विधवेच्या घरी दरमहा चार पैसे अधिक येऊ शकतात. म्हणून जाणता वकील ‘अर्ज निष्फळ झाला’ असे प्रतिपक्षाने म्हणताच आधी विचारतो, की मुख्य मागणी गेली असेल, पण तिच्या पोटात असलेल्या मागण्याही गेल्या काय? हा प्रश्न वेळेवर विचारला न गेल्यामुळे किती अर्ज जिवंतपणी पुरले गेले असतील!

आता मालक पालटण्याच्या त्या विलक्षण प्रकाराकडे वळावयाचे. ओझरच्या कारखान्यातील नोकर मुंबईच्या उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या २२६ व्या कलमाखाली रिट अर्ज करू शकतो, तो त्याची कंपनी घटनेच्या १२ व्या कलमाच्या अर्थाने ‘राज्य’ या सदरात मोडते म्हणून. सरकारी कंपन्या व मंडळे या सदरात केव्हा मोडतात याची कसोटीही मुंबईच्याच एका वादातून निघाली. विमानतळावरील उपाहारगृहाच्या ठेक्याविषयीचा तो खटला १९७९ साली सर्वोच्च न्यायालयाने निकालात काढला. विमानतळ प्राधिकरण हे सरकारचेच अंग आहे व त्याने आपल्याच अटी मोडल्या, हे न्यायालयाने मान्य केले. तथापि अर्जदार उशिरा आला, दरम्यान ठेकेदाराने बराच खर्च केला, म्हणून दाद मात्र नाकारली. तत्त्व साऱ्या देशास मिळाले, अर्जदारास काही मिळाले नाही. वरातीमागून घोडे नेले तर त्यावर बसणार कोण?

ओझरची कंपनी सरकारचीच राहिली. तिचे काही भाग २०१८ साली बाजारात विकले गेले, तथापि बहुसंख्य भाग केंद्र सरकारपाशीच आहेत. परंतु विमानांच्याच क्षेत्रातील दुसऱ्या एका संस्थेच्या नोकरांचे नशीब निराळे ठरले. १९३२ साली टाटांनी सुरू केलेली हवाई सेवा १९५३ साली सरकारने ताब्यात घेतली, आणि एअर इंडिया ही सरकारी संस्था झाली. वेतन वर्षानुवर्षे एकाच जागी साचून राहणे, बढती न मिळणे, वेतनवाढीच्या निश्चितीतील विसंगती अशा तक्रारी घेऊन तिच्या काही नोकरांनी २०११ ते २०१४ या काळात मुंबई उच्च न्यायालयात चार रिट अर्ज केले. अर्ज केले तेव्हा कंपनी सरकारची होती, आणि ते चालण्याजोगे होते याविषयी शंका नव्हती. वर्षे गेली. ऑक्टोबर २०२१ मध्ये कंपनीच्या विक्रीचा करार झाला आणि २७ जानेवारी २०२२ रोजी ती टाटांच्या कंपनीच्या स्वाधीन झाली. सरकारच्या हाती तिचा एकही भाग उरला नाही.

मग अर्जांचे काय? नोकरांचे म्हणणे सरळ होते. अर्ज केला त्या दिवशी हक्क होता. न्यायालयाच्या दिरंगाईचा दंड अर्जदारास का? २० सप्टेंबर २०२२ रोजी मुख्य न्यायमूर्ती दीपांकर दत्ता व न्यायमूर्ती माधव जामदार यांच्या खंडपीठाने निकाल दिला, की अर्ज दाखल होताना अधिकार असला तरी सुनावणीच्या दिवशी कंपनी खासगी झाली आहे, आणि खासगी मालकाविरुद्ध नोकरीच्या अशा तक्रारीत रिट काढता येत नाही. १६ मे २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती भूषण गवई व संदीप मेहता यांनी तोच निर्णय कायम केला. कायद्याच्या काटेकोर भाषेत या अर्जांना ‘निष्फळ’ न म्हणता ‘चालण्याजोगे न राहिलेले’ म्हणावे लागेल. पण तेरा वर्षे वाट पाहणाऱ्याच्या घरात या दोन शब्दांतील भेद कोणास जाणवणार? एक गोष्ट मात्र न्यायालयाने केली. अर्जदारांनी योग्य त्या ठिकाणी दाद मागावयाची ठरविल्यास रिट अर्जात गेलेला काळ मुदतीच्या हिशेबातून वगळावा, असे सांगितले. दार बंद झाले, पण दुसऱ्या दाराशी मुदतीचे कुलूप लागणार नाही एवढी काळजी घेतली गेली.

येथे लाल यांच्या दाव्याची आठवण होते. १९४७ साली खुद्द राज्यकर्ताच पालटला, तरी दावा चालू राहिला. २०२२ साली कंपनी तीच, नाव तेच, केवळ मालक पालटला, आणि अर्ज संपले. दोन्ही प्रकरणांतील कायदा अगदी एक नाही. भारतमंत्र्याविरुद्धचा साधा दावा होता, आणि रिट हे सरकारविरुद्धचेच खास हत्यार आहे. तथापि एक धडा दोहोंतून निघतो. पडून असलेला वाद मालकाबरोबर मरावा की नव्या मालकापाशी जगावा, हे निसर्गनियमाने ठरत नाही; ते आगाऊ केलेल्या तरतुदीने ठरते. साम्राज्याची आवराआवर करताना ज्यांना अशी तरतूद सुचली, त्यांच्यामागून येणाऱ्यांना एखादी कंपनी विकताना ती सुचावयास हरकत नसावी. चालू वाद कोणत्या न्यायमंडळाकडे जातील, मधला काळ कसा मोजला जाईल, एवढी दोन वाक्ये विक्रीच्या कागदांबरोबर कायद्यात आली, तर पुष्कळांची वणवण टळेल.

‘शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये’ ही म्हण महाराष्ट्रात घरोघर ऐकू येते. परंतु जो नोकर ती पायरी चढतो तो बहुधा हौसेने चढत नाही. दुसरी वाट न उरल्यामुळे चढतो. त्याला वेळेवर ‘नाही’ म्हटले गेले तर तो ते सोसू शकतो. आपले म्हणणे खरे होते की खोटे, हे कधीच न कळणे मात्र जड जाते. ओझरच्या माळावर आज एक विमान उतरते व दुसरे चढते. त्या आवाजाखाली राहणाऱ्या निवृत्त कामगारांपैकी एखाद्याच्या कपाटात दहा-बारा ओळींचा तसा हुकूम जपून ठेवलेला असेल, तर त्याने तो पुन्हा वाचावा. त्यात तो हरल्याचे कोठेही लिहिलेले नसते.